पुतळे उतरल्यानंतरचा लिथुआनिया

गुरुवार : लुकिश्केस चौक

विल्नियसच्या कॅथीड्रलकडे पाठ करून गेदिमिनास मार्गावरून पश्चिमेकडे चालू लागले, की पंधरा-वीस मिनिटांत उजव्या हाताला एक प्रशस्त चौक लागतो आणि डाव्या हाताला, रस्त्याच्या पलीकडे, करड्या रंगाची एक भक्कम सरकारी इमारत दिसते. चौकाचे नाव लुकिश्केस. सोव्हिएत काळात याच चौकाला लेनिनचे नाव होते आणि १९५२ साली निकोलाय तोम्स्की या शिल्पकाराने घडवलेला लेनिनचा पुतळा येथे मधोमध उभा करण्यात आला होता. मॉस्कोत गोर्बाचेव्ह यांच्याविरुद्धचे बंड फसल्यानंतर दोनच दिवसांनी, २३ ऑगस्ट १९९१ रोजी, क्रेन आणून तो उतरवण्यात आला. वर उचलताना त्याचे पाय गुडघ्यांपासून तुटले आणि चौथऱ्यावरच राहिले, आणि जमलेल्या हजारो लोकांनी जल्लोष केला. ते छायाचित्र मी अनेकदा पाहिले होते. प्रत्यक्ष जागेवर मात्र आज हिरवळ, फरसबंदी आणि बाकडी यांपलीकडे काही नाही.

तारीख लक्षात घेण्यासारखी आहे. २३ ऑगस्ट १९३९ रोजी हिटलर आणि स्टालिन यांच्या परराष्ट्रमंत्र्यांनी जो करार केला, त्याच्या गुप्त भागात बाल्टिक देशांची वाटणी झाली होती; त्याच्या पन्नासाव्या स्मृतिदिनी, २३ ऑगस्ट १९८९ रोजी, विल्नियसपासून रीगामार्गे तालिनपर्यंत सहाशेहून अधिक किलोमीटरची मानवी साखळी उभी राहिली होती. त्यानंतर बरोबर दोन वर्षांनी लेनिन खाली आला. जागा मात्र त्याच्याही आधीपासून जखमी आहे, कारण १८६३ च्या उठावातील नेत्यांना रशियन झारच्या सत्तेने याच चौकात फासावर चढवले होते. त्यामुळे रिकाम्या मध्यभागी आता काय उभारावे, यावर लिथुआनियात वर्षानुवर्षे वाद झाले. स्पर्धा झाल्या, निवडलेले आराखडे अडले, २०२० च्या उन्हाळ्यात तर नगरपालिकेने येथे वाळू टाकून तात्पुरता समुद्रकिनारा केला आणि त्यावरही लोक संतापले. पुतळा काढणे एका दुपारचे काम होते. त्या जागी काय असावे हे ठरवण्यास तीन दशकेही पुरली नाहीत.

समोरची इमारत १८९९ साली न्यायालय म्हणून बांधली गेली. नंतर गेस्टापोने आणि त्यानंतर केजीबीने ती वापरली, आणि आज तेथे कब्जा व स्वातंत्र्यलढ्यांचे संग्रहालय आहे. बाहेरच्या भिंतीच्या दगडांवर येथे मारल्या गेलेल्या माणसांची नावे कोरली आहेत. रस्त्यावरून जाणाऱ्याच्या डोळ्यांच्या पातळीवर ती येतात, नावाखाली जन्माचे आणि मृत्यूचे वर्ष असते, आणि वजाबाकी केल्यावाचून पुढे जाववत नाही. बहुतेकांचे उत्तर विशी-तिशीत येते. तळघरातील कोठड्या जशाच्या तशा ठेवल्या आहेत. ज्या खोलीत १९४४ पासून १९६० च्या दशकाच्या सुरुवातीपर्यंत हजाराहून अधिक माणसांना देहदंड देण्यात आला, तिच्या जमिनीवर काच घातलेली आहे आणि आपण त्या काचेवरून चालतो. खिडकीबाहेर लेनिनचा पुतळा आणि तळघरात ही खोली, हे दोन्ही एकाच काळात हाकेच्या अंतरावर होते, हे कळल्यावर पुतळा पाडण्याला इतिहासाचा अनादर म्हणणे मला शक्य झाले नाही.

हे मुद्दाम लिहिते, कारण आपल्याकडे सोव्हिएत संघाची आठवण फार वेगळी आहे. मराठी घरांत ती सुबक छपाईच्या स्वस्त पुस्तकांची आहे, पवईच्या आयआयटीला मिळालेल्या साहाय्याची आहे, आणि ती खोटी नाही. परंतु ज्यांनी त्या सत्तेला दुरून मित्र म्हणून पाहिले आणि ज्यांच्या दारात तिचे रणगाडे येऊन थांबले, त्यांच्या आठवणी एकाच तराजूत तोलता येत नाहीत. वाटेत कुदिर्का चौक लागला. तेथे पूर्वी विल्नियस जिंकणाऱ्या सोव्हिएत सेनापती चेर्न्याखोव्स्की याची कबर आणि पुतळा होता. ते अवशेष मॉस्कोला नेण्यात आले आणि पुतळा १९९३ साली रशियातील वोरोनेझ शहरात उभा राहिला. ज्यांना तो हवा होता त्यांच्याकडे तो गेला, आणि एखाद्या स्मारकाच्या वाट्याला येऊ शकणारा हा बहुधा सर्वांत समंजस शेवट आहे.

शुक्रवार : तीन क्रूस, हिरवा पूल, अंटाकल्निस

सकाळी तीन क्रूसांच्या टेकडीवर चढून गेलो. पांढऱ्या काँक्रीटचे तीन उंच क्रूस १९१६ साली शहरावर जर्मनांचा ताबा असताना उभारले गेले, १९५० साली सोव्हिएत सत्तेने ते सुरुंग लावून उडवले आणि १९८९ साली लोकांनी ते पुन्हा बांधले. नव्या क्रूसांच्या थोडे खाली, उतारावर, जुन्या क्रूसांचे तुटलेले काँक्रीटचे तुकडे पडले आहेत आणि ते मुद्दाम तसेच ठेवले आहेत. त्यांतील एकावर हात ठेवला तेव्हा काँक्रीटमधून बाहेर आलेली गंजकी सळई हाताला लागली. समोर खाली कॅथीड्रलचे छप्पर दिसत होते. त्यावरील तीन संतांच्या मूर्तीही १९५० सालीच उतरवल्या गेल्या, कॅथीड्रलचे चित्रदालन झाले आणि मूर्ती १९९७ साली परत बसल्या. स्मारके पाडण्याची चर्चा १९९१ पासून सुरू करणाऱ्यांनी एकदा या टेकडीवर यायला हवे. या शहरात पाडापाडीला सुरुवात कोणी केली, हे त्या उतारावर पडलेले आहे.

तेथून नेरिस नदीवरील हिरव्या पुलावर आलो. या पुलाच्या चार कोपऱ्यांवर १९५२ सालापासून ओतीव लोखंडाचे चार शिल्पगट होते: शांततेचे रक्षण करणारे सैनिक, शेतकरी, कामगार आणि विद्यार्थी. स्वातंत्र्यानंतरही ते जवळजवळ पाव शतक तेथेच राहिले. त्यांना वारसा म्हणून संरक्षण होते, शहरातील अनेकांना ते सवयीचे झाले होते, आणि त्यांच्यावर पेत्रुलिस, मिकेनास, पुंद्झियस अशा लिथुआनियातील नामवंत शिल्पकारांचे हात फिरले होते. २०१५ च्या जुलैमध्ये महापौर रेमिगियुस शिमाशियुस यांच्या कारकिर्दीत ते काढण्यात आले. गंजून धोकादायक झाल्याचे कारण पुढे करण्यात आले होते, आणि गंज खराही होता. तरी क्रिमिया रशियाने घेतल्यानंतर दीड वर्षाच्या आतच ते उतरावेत, यामागे केवळ गंज होता असे कोणीही म्हणणार नाही. चौथरे अजून आहेत.

या चार गटांविषयी माझे मन एका बाजूचे नाही. हातात झेंडा घेतलेला सोव्हिएत सैनिक पुलाच्या तोंडाशी उभा असणे हे कब्जा झालेल्या देशाला रोज टोचणारे होते, आणि तो गट हलवणे मला पटते. विद्यार्थ्यांचा गट मात्र, त्यातील मुलगा आणि मुलगी, यांच्यात त्या काळच्या साच्याखेरीज कोणाला दुखावणारे काही नव्हते. चौघांना एकाच मापाने मोजण्याची आवश्यकता नव्हती असे मला वाटते. त्यांचा वारसादर्जाही पुढच्याच वर्षी काढून घेण्यात आला, याचे मला अधिक वाईट वाटले, कारण वस्तू जागेवरून हलवणे आणि तिला वारसा मानण्याचे थांबवणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

दुपारनंतर अंटाकल्निस दफनभूमीत गेलो. उंच पाइन वृक्षांखाली उतारावर पसरलेल्या या जागेत युरोपचा दोनशे वर्षांचा इतिहास शेजारी शेजारी पुरलेला आहे: १८१२ साली मॉस्कोहून माघार घेताना थंडीने आणि उपासमारीने मेलेले नेपोलियनचे सैनिक, ज्यांचे अवशेष २००१ साली बांधकामात सापडले आणि २००३ साली येथे आणले गेले, पहिल्या महायुद्धातील जर्मन, पोलिश सैनिक, आणि जानेवारी १९९१ मध्ये दूरदर्शन मनोऱ्यापाशी सोव्हिएत सैन्याच्या हातून मारले गेलेले नागरिक. याच जागेत दुसऱ्या महायुद्धातील तीन हजारांहून अधिक सोव्हिएत सैनिकांच्या कबरी आहेत आणि त्यांच्या माथ्यावर १९८४ साली ग्रॅनाइटचे सहा प्रचंड सैनिक उभे केले गेले होते. युक्रेनवर रशियाने आक्रमण केल्यावर ते काढण्याचे ठरले, संयुक्त राष्ट्रांच्या मानवी हक्क समितीकडे तक्रार गेल्यामुळे काम काही काळ थांबले, आणि डिसेंबर २०२२ मध्ये ते सहाही पुतळे उतरवले गेले. कबरी हलवल्या नाहीत. नावांच्या पाट्या जागेवर आहेत आणि आम्ही गेलो तेव्हा दोन-तीन ठिकाणी ताजी फुलेही होती.

या निर्णयाकडे मी बराच वेळ शंकेने पाहत होते, कारण मेलेल्या शिपायाशी भांडण नसते, हे आपण लहानपणापासून ऐकत आलो आहोत. परंतु तेथे उभे राहिल्यावर लक्षात आले, की शिपाई आणि पुतळे या दोन निराळ्या गोष्टी होत्या. शिपाई १९४४ साली मेले. पुतळे त्यानंतर चाळीस वर्षांनी, मेलेल्यांचा आधार घेऊन, जिवंत लोकांना सत्तेची उंची दाखवण्यासाठी आले. कबरींना हात न लावता पुतळे काढता येतात, हे विल्नियसने करून दाखवले आहे.

शनिवार : पिर्चुपियाय आणि ग्रूतास

कौनसमध्ये वैद्यकीय शिक्षण घेणारी माझी भाची शुक्रवारी रात्रीच विल्नियसला आली होती. शनिवारी तिने गाडी चालवली. तिला लिथुआनियन बऱ्यापैकी वाचता येते, त्यामुळे फलकांसाठी तिचा मोठा आधार झाला.

शहराबाहेर पडताना पानेरियायच्या जंगलात थोडा वेळ थांबलो. सुमारे ७०,००० ज्यूंना आणि त्यांच्यासह हजारो पोलिश व इतर लोकांना नाझींनी आणि त्यांच्या स्थानिक साथीदारांनी येथे गोळ्या घालून खड्ड्यांत टाकले. युद्धानंतर वाचलेल्या ज्यूंनी उभारलेले स्मारक सोव्हिएत सत्तेने हटवले आणि त्या जागी जे आले त्यावर मृतांचा उल्लेख ज्यू म्हणून नव्हता. स्वतंत्र लिथुआनियात १९९१ साली ज्यूंचे स्मारक येथे पुन्हा उभे राहिले. इथे खोट्याचे काम पुतळ्याने केले नव्हते, कोरलेल्या ओळीने केले होते.

द्रुस्किनिंकायच्या रस्त्याने चाळीसेक किलोमीटर गेल्यावर पिर्चुपियाय हे गाव येते. ३ जून १९४४ रोजी जर्मन पथकाने हे गाव वेढले आणि ११९ गावकऱ्यांना जिवंत जाळले. रस्त्यालगत, थोड्या उंचवट्यावर, डोक्याला रुमाल बांधलेली एक खेडूत आई उभी आहे. राखाडी ग्रॅनाइट, हात खाली, नजर रस्त्याकडे. तलवार नाही, झेंडा नाही, तारा नाही. गेदिमिनास योकुबोनिस या शिल्पकाराने ती १९६० साली घडवली आणि तिच्यासाठी त्याला १९६३ साली लेनिन पारितोषिक मिळाले. म्हणजे सोव्हिएत काळातली, सोव्हिएत पैशातून झालेली आणि सोव्हिएत सत्तेने गौरवलेली ही कलाकृती आहे, आणि ती आजही जागेवर आहे. बाजूच्या भिंतीवर मृतांची नावे आहेत. भाची ती हळूहळू वाचत गेली. तेच आडनाव पुन्हा पुन्हा येत होते, घरेच्या घरे एकदम गेली होती. ती म्हणाली, "मावशी, ही आई कुणाच्या बाजूची आहे असं विचारायची गरजच पडत नाही." माझ्या मते या साऱ्या वादाचे मर्म तेवढेच आहे. स्मारक कोणत्या राजवटीत झाले हा दुसरा प्रश्न. ते कोणासाठी रडते, हा पहिला.

पुढचा रस्ता वारेनाच्या पाइन जंगलातून जातो. सप्टेंबर असल्याने रस्त्याच्या कडेला म्हाताऱ्या बायका बादल्यांत अळंबी घेऊन विकायला बसल्या होत्या. ग्रूतासच्या कथेत या अळंबीला स्थान आहे, कारण तेथील शिल्पोद्यान उभारणारे विल्युमास मालिनाउस्कास हे अळंबीच्या व्यापारावर मोठे झालेले उद्योजक. १९९० च्या दशकात काढलेले पुतळे गोदामांत आणि अंगणांत पडून होते, त्यांचा खर्च नगरपालिकांना नको होता. सरकारने मागवलेल्या प्रस्तावांतून मालिनाउस्कास यांची निवड झाली आणि १ एप्रिल २००१ रोजी उद्यान खुले झाले. सैबेरियात शिक्षा भोगून आलेल्यांनी आणि अनेक संसदसदस्यांनी त्याला कडाडून विरोध केला होता. विल्नियसपासून गुरांच्या डब्यांतून पर्यटकांना येथवर आणण्याची मालिनाउस्कास यांची कल्पना तर मंजूरच झाली नाही, आणि ते योग्यच झाले.

प्रवेशद्वाराजवळ तसा एक डबा उभा आहे. अशाच डब्यांतून जून १९४१ मध्ये आणि नंतर १९४५ ते १९५२ या काळात सुमारे १,३०,००० माणसे लिथुआनियातून सैबेरियात व उत्तरेकडे नेली गेली. या डब्यापाशी मला कोल्हापूरजवळचे वळीवडे आठवले. सोव्हिएत सत्तेने पूर्व पोलंडमधून अशाच गाड्यांत भरून नेलेल्या पोलिश कुटुंबांपैकी सुमारे ५,००० जण, बहुतांशी स्त्रिया आणि मुले, १९४३ ते १९४८ या काळात वळीवड्याच्या छावणीत राहिली. कोल्हापुरात त्यांची आठवण अजून निघते. मात्र ती माणसे कशातून सुटून आली होती हे तेथे सहसा सविस्तर सांगितले जात नाही. त्या डब्याची फळ्यांची भिंत आणि वरची अरुंद जाळीची खिडकी पाहिली की ते सांगावे लागत नाही.

आत दलदलीच्या जंगलातून लाकडी पायवाट जाते, बाजूला तारेचे कुंपण आणि टेहळणीचे मनोरे आहेत, आणि पाइनच्या खोडांमधून एकेक पुतळा समोर येतो. एकंदर ऐंशीहून अधिक. लुकिश्केस चौकातला लेनिन येथे पुन्हा जोडून उभा केला आहे. चौकात तो ज्या चौथऱ्यावरून लोकांकडे पाहत असे, तो चौथरा गेल्यामुळे आता आपण त्याच्या बुटांपर्यंत जाऊ शकतो, आणि बुटाच्या टोकावर शेवाळ धरले आहे. विल्नियसच्या रेल्वे स्थानकासमोरचा स्टालिनही आहे. झारासाय गावातून आणलेली मारीते मेल्निकाइते ही सोव्हिएत बाजूने लढलेली तरुण पार्टिझन, म्हणजे छापामार, युओझास मिकेनासने इतकी जिवंत घडवली आहे, की प्रचाराचे शिल्प म्हणून तिला बाजूला सारणे अन्यायाचे होईल. प्रत्येक पुतळ्यापाशी तो कोणी, कधी केला, कोठे उभा होता आणि ज्याचा पुतळा आहे त्याने काय केले, हे लिहिलेले आहे. मला सर्वांत मोलाचे वाटले ते हे फलक. चौकात उभे असताना या पुतळ्यांवर एक नाव आणि एक घोषणा असे. त्यांची पूर्ण हकीकत त्यांना जंगलात आणल्यावर लिहिली गेली.

मनोऱ्यांवरील कर्ण्यांतून सोव्हिएत गाणी लागतात, उपाहारगृहात त्या काळचे पदार्थ मिळतात, मुलांसाठी झोपाळे आणि पिंजऱ्यांत प्राणी आहेत. हा भाग मला अजिबात आवडला नाही. ज्यांचे आईवडील त्या डब्यांतून गेले, त्यांनी या जागेला जत्रा म्हटले ते या झोपाळ्यांमुळे, आणि त्यांचा आक्षेप रास्त आहे. तरीही पुतळे वितळवून टाकण्यापेक्षा हे बरे, असे माझे ठाम मत झाले. वितळवले असते तर लेनिनच्या बुटावरचे शेवाळ पाहणारी भाचीच्या वयाची मुले आज कशावर प्रश्न विचारणार होती?

रविवार : कौनस

सकाळी नवव्या किल्ल्यावर गेलो. झारच्या काळातील हा किल्ला १९४० मध्ये सोव्हिएतांनी आणि नंतर नाझींनी वापरला. २९ ऑक्टोबर १९४१ या एका दिवसात कौनसच्या घेटोतून, म्हणजे ज्यूंना कोंडलेल्या वस्तीतून, आणलेले सुमारे ९,२०० ज्यू येथे मारले गेले, त्यांत ४,००० हून अधिक मुले होती. १९८४ साली येथे आल्फोन्सास आंब्राझियूनास यांचे ३२ मीटर उंच काँक्रीटचे स्मारक झाले. तिरकस उसळलेल्या तीन काँक्रीटच्या राशी, आणि जवळ गेल्यावर त्यांतून बाहेर येणारे चेहरे आणि मुठी. अंटाकल्निसचे सहा सैनिकही १९८४ चेच. तेच वर्ष, तीच राजवट, एक स्मारक गेले आणि एक राहिले, आणि दोन्ही निर्णय मला बरोबर वाटतात. नंतर लावलेल्या फलकांत आता ज्यूंचा उल्लेख स्पष्ट आहे.

मे २०२३ पासून लिथुआनियात सर्वंकष आणि हुकूमशाही राजवटींचा प्रचार करणारी चिन्हे सार्वजनिक जागेतून हटवण्याचा कायदा लागू आहे. रस्त्यांची नावे, स्मारके, फलक यांवर तज्ज्ञांचे आयोग मत देते आणि निर्णय लिथुआनियाच्या जनसंहार व प्रतिकार संशोधन केंद्राकडे असतो. त्याआधीच, २०२१ च्या नोव्हेंबरमध्ये, विल्नियसने लेखक पेत्रास त्स्विर्का याचा पुतळा उतरवला होता. त्याच्या गोष्टी वाचत पिढ्या वाढल्या, आणि १९४० साली देश सोव्हिएत संघात घ्यावा अशी विनंती घेऊन मॉस्कोला गेलेल्यांतही तो होता. अशा माणसांबाबत कायद्याच्या कलमांनी निकाल लागणे अवघड आहे आणि लागू नये असेही मला वाटते. एकेकाची हकीकत तपासणे हेच काम आहे, मग त्याला कितीही वर्षे लागोत.

दुपारी युद्धसंग्रहालयाच्या अंगणात युओझास झिकारास यांची स्वातंत्र्यदेवता पाहिली. १९२८ साली, कौनस देशाची तात्पुरती राजधानी असताना, ती बसवली गेली. १९५० साली सोव्हिएत सत्तेने ती उतरवली, पण ती संग्रहालयात टिकून राहिली आणि १६ फेब्रुवारी १९८९ रोजी परत चौथऱ्यावर आली. ती कोणीतरी वितळवू दिली नाही, म्हणूनच आज तिच्याखाली उभे राहता येते.

त्याच शहरातून ग्रूतासला गेलेला एक शिल्पगट आदल्या दिवशी पाहिला होता. पोझेला, ग्रायफेनबर्गेरिस, गेद्रिस आणि चार्नास हे चार कम्युनिस्ट. डिसेंबर १९२६ मध्ये लष्करी उठाव करून सत्तेवर आलेल्यांनी त्यांना कौनसमध्येच गोळ्या घातल्या. सोव्हिएत सत्तेने त्यांना हुतात्मे केले, म्हणून ते जंगलात गेले. पण त्यांना निवडून आलेले सरकार उलथवणाऱ्यांनी मारले, ही गोष्ट त्यामुळे खोटी होत नाही. बसची वेळ होईपर्यंत भाचीशी त्यावरच बोलणे चालले होते. तिच्या मते शहरात त्या चौघांच्या नावाची पाटी आज लावली तर लोक ती कम्युनिस्टांचा गौरव म्हणून वाचतील, आणि आणखी एक पिढी जाऊ द्यावी. माझे म्हणणे असे, की पाटी आत्ताच लावावी आणि तिच्यावर १९२६ चा उठाव व १९४० चा कब्जा या दोन्हींचा उल्लेख असावा, कारण पिढी जाऊ दिली तर ती लिहिणारेही उरणार नाहीत. तिला ते पटले नाही आणि मीही माझे मत बदललेले नाही.